सावट : सावलीच्या कापडाबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सावट म्हणजे नेमकं काय?

आठपेठ या कल्पित जगातलं जादूचं कापड. ताणा (लांबीचे उभे धागे) कोशाचा, म्हणजे टसर रेशमाचा, बाणा (आडवे धागे) झाडाच्या सावलीचा, काठ सुती. आठपेठ खरं नाही आणि सावटही नाही. पण कोसा, करवतीसारखे दाते असलेला करवती काठ, माग, पीळ आणि सूर्याची उंची हे सगळं खरं आहे, आणि नियमात कुठे अडलं की आम्ही आधी त्या खऱ्या गोष्टीकडेच पाहतो. हे पान आठपेठचा खेळ चालवणाऱ्यांसाठी, त्या जगातल्या कथा लिहिणाऱ्यांसाठी आणि नाटकात कुणाला तरी सावट पांघरवायचं आहे अशांसाठी आहे.

ते पांघरलं की माणूस अदृश्य होतो का?

नाही. हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो, म्हणून उत्तर आधी. सावट पांघरलेला माणूस झाडाखाली उभा असल्यासारखा दिसतो, बस. वीस पावलांपलीकडून चेहरा ओळखू येत नाही, माणूस आहे एवढं कळतं. पायांचा आवाज येतो, घामाचा वास येतो, कुत्रं भुंकतं. दुसरा गुण थंडाव्याचा: ज्या झाडाची सावली, त्या झाडाखालचा गारवा अंगावर राहतो. मे महिन्यात डोक्याला दुपट्टा गुंडाळून नागपूरच्या सीताबर्डीवरून गेलेल्या माणसाला यातला कोणता गुण जास्त मोलाचा हे सांगायला नको. आठपेठेतही चोरांपेक्षा निरोप घेऊन उन्हातान्हात फिरणारे हरकारेच सावटाचे मोठे गिऱ्हाईक आहेत.

आठपेठ नागपूरच्या अक्षांशावर का?

अंगणात काठी रोवून नियम तपासता यावा म्हणून. नागपूर सुमारे २१.१५ अंश उत्तरेला आहे, आठपेठही तिथेच. खेळात वाद झाला की पुस्तक उघडायचं नाही, बाहेर जाऊन सावली बघायची.

सावली कधी काढता येते?

नियम एका ओळीचा आहे: काठीची सावली काठीपेक्षा लांब असेल तेव्हाच. सूर्य ४५ अंशांवर असताना सावली वस्तूएवढी असते. तो त्याच्या वर चढला की सावली आखूड होते, आणि आखूड सावली सूत काढायच्या रहाटावर चढत नाही.

हा नियम नागपूरच्या आकाशात काय करतो ते पाहण्यासारखं आहे. मार्चच्या विषुवदिनी सकाळी साडेनऊच्या सुमारास काम थांबतं, ते दुपारी तीननंतर पुन्हा सुरू होतं. मेअखेरीस सकाळी नऊच्या आतच थांबावं लागतं आणि दुपारचं काम साडेतीनच्या सुमारास सुरू होतं. डिसेंबरच्या शेवटी मात्र भर दुपारीही सूर्य ४५ अंशांच्या जेमतेम वर जातो, त्यामुळे दुपारचा तासभर सोडला तर दिवसभर सूत निघतं. म्हणजे सावलीची खरी गरज उन्हाळ्यात आणि सुगी हिवाळ्यात. आठपेठेतला सगळा व्यापार, साठेबाजी आणि भांडणं याच एका गोष्टीवर उभी आहेत. तुमच्या कथेत सावटाचा बाजार भर वैशाखात भरत असेल, तर तो माल विकणाऱ्यांचा बाजार ठेवा, विणणाऱ्यांचा नको.

सकाळी अर्धं आणि संध्याकाळी अर्धं काढलं तर?

करू नका. सकाळी सावली पश्चिमेला पडते, संध्याकाळी पूर्वेला. रहाट एकाच दिशेला फिरतो. त्यामुळे सकाळच्या सुताला उजवा पीळ बसतो आणि संध्याकाळच्या सुताला डावा. दोन्ही एकाआड एक विणले की कापड आक्रसतं आणि सुरकुततं. खऱ्या मागावर क्रेप याच युक्तीने विणतात: घट्ट पिळाचे उजवे आणि डावे धागे आलटून पालटून. क्रेप हवंच असेल तर ठीक. शेला हवा असेल तर एका शेल्याला एकच वेळ.

सूत काढण्याची पद्धत सविस्तर सांगाल का?

माणसं दोन. सामान: दोन हात लांबीची काठी, चाळलेली राख, रहाट, बारा रिकाम्या कांड्या (सूत गुंडाळायच्या नळ्या), आणि रात्रभर भिजवलेला हातभर कोशाचा धागा.

आदल्या संध्याकाळी झाडाच्या पश्चिमेची जमीन झाडून सारवून घ्यायची. ढेकळांवर पडलेली सावली तुटक असते, तिचं सूतही तुटकच निघतं. सावली भिंतीवर चढत असेल तर तेवढा भाग सोडून द्यायचा. उभी सावली निघत नाही. सकाळी शेंड्याची सावली सारवलेल्या जमिनीवर पूर्ण आली की तिच्या टोकावर चिमूटभर राख टाकायची. राखेने ती जागची हलत नाही. मग बोटांना राख लावून टोक चिमटीत धरायचं आणि ओल्या धाग्यावर चार बोटं लांब पीळ द्यायचा. गाठ मारायची नाही. सावलीला गाठ बसत नाही, आणि बसल्यासारखी वाटली तरी ती मागावर तिसऱ्या-चौथ्या फेऱ्याला सुटते.

पहिला माणूस रहाट फिरवतो. दुसरा सावलीच्या कडेने चालत राख पुढे सरकवत राहतो, कारण सूर्य तासाला १५ अंश पुढे जातो आणि सावली थांबत नाही. एक कांडी भरायला एक घटका, म्हणजे २४ मिनिटं. डिसेंबरच्या शेवटी नागपुरात पावणेसातच्या सुमारास उजाडतं. तिथून दुपारच्या सुट्टीपर्यंत बारा कांड्या बरोबर भरतात. मेअखेरीस साडेपाचला सुरुवात केली तरी नऊच्या आत आठच होतात. शेल्याला दहा लागतात. उन्हाळी सावट दोन झाडांचं आणि म्हणून ठिगळासारखं का दिसतं, ते यावरून कळेल.

घाई करून रहाट जोरात फिरवला तर? सूत पातळ होतं आणि उजेड आरपार दिसतो. वारा असेल तर कामच करू नका. हलत्या पानांचं सूत गाठाळ निघतं.

शेंडा-सूत आणि बुंधा-सूत यात काय फरक?

सूर्य आकाशात ठिपका नाही, अर्ध्या अंशाची थाळी आहे. म्हणून सावलीची कड कधीच धारदार नसते. पान जमिनीपासून जितकं लांब, त्याच्या साधारण १०८व्या भागाएवढी कड धूसर होते. उन्हाच्या दिशेने १० मीटरवर असलेल्या पानाची कड ९ सेंटिमीटर धुरकट, बुंध्याच्या मुळाशी मात्र काही मिलिमीटरच.

त्यामुळे पहिल्या पाच-सहा कांड्या शेंड्याच्या, मऊ आणि धुरकट. शेवटच्या बुंध्याच्या, काळ्या आणि करकरीत. विणकर बुंधा-सूत पदराला ठेवतो, कारण चेहऱ्यावर तोच येतो. अंगात शेंडा-सूत. विकत घेताना पदर आणि अंग दोन्ही उन्हात धरून पहा. दोन्ही सारखेच दिसले तर कांड्या मिसळलेल्या आहेत, आणि वीस पावलांचा गुण दहावर आलेला असतो.

पानांच्या फटींतून येणारे कवडसे सुतात आले तर?

सगळ्यात जास्त माल यानेच खराब होतो. कवडसे गोल असतात, कारण प्रत्येक कवडसा ही सूर्याचीच प्रतिमा आहे, फट कशीही असो. सुतात आलेला कवडसा कापडावर मोहरीएवढा पांढरा ठिपका होतो आणि दिवसा तो चमकतो. हरकाऱ्याला चालेल, हेराला नाही. उपाय एकच: दाट पानांचं झाड निवडणं. कडुनिंबाची सावली गार म्हणून सगळे सुचवतात. पण पानं बारीक, कवडसे फार. ऐन, वड, आंबा बरे.

ताणा कोशाचाच का? सुती चालेल का?

सुती ताण्यावर सावली सरकते आणि पंधरा दिवसांत एका बाजूला गोळा होते. कोशाच्या धाग्याला स्वतःचा मधासारखा रंग आहे, म्हणजे उजेड आहे. सावलीला धरायला उजेड लागतो, असा आठपेठचा नियम.

खरा कोसा विदर्भाच्या ओळखीचा. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोलीत ऐन आणि अर्जुनाच्या झाडांवर, उघड्या रानात या अळ्या वाढवतात. कोश तुतीच्या रेशमापेक्षा टणक असतो, म्हणून सोडा घातलेल्या पाण्यात उकळून मऊ करावा लागतो, आणि मग तीन-चार किंवा जास्त कोशांचे तंतू एकत्र ओढून धागा करतात. पूर्वापार पद्धत मांडीवर पीळ देण्याची.

आता गंमत पहा. अळीला ऐन हवा, सावलीलाही ऐनच उत्तम. ज्या ऐनाची सावली काढली त्यावर त्या वर्षी अळी जगत नाही, कारण पानं उन्हात भाजतात. म्हणजे ताणा देणारं झाड आणि बाणा देणारं झाड एकच, पण एका वर्षी एकच काम. गावात कोसावाले आणि सावलीवाले समोरासमोर बसलेले प्रसंग लिहायचे असतील तर भांडण इथून सुरू करा.

किती कापडाला किती झाडं?

एक कांडी म्हणजे दोन हात पन्ह्याचं (रुंदीचं) एक वीत कापड. शेला पाच हात लांब, म्हणजे दहा विती, दहा कांड्या. बारातल्या दोन तुटफुटीत जातात. एक झाड, एक शेला. नऊ वारी साडी अठरा हात, म्हणजे छत्तीस कांड्या. तुटफूट धरून चार झाडं. आठपेठेत एका गावाला वर्षाला तीनच झाडांची परवानगी आहे, तेव्हा नऊ वारी सावट नेसलेली बाई दिसली की ती किमान दोन गावांची धनी आहे असं समजा. खेळात कुणी सहज सावटाचा तंबू मागतो. त्याला कांड्या मोजायला लावा, तो आपणच गप्प होतो.

पन्हा दोन हात म्हणजे ३६ इंच. इंचाला ६० धागे धरले तर ताण्यात २,१६० धागे येतात. कांडी तिसऱ्या संध्याकाळी मरते, आणि विणकर दिवसाला चार विती विणतो. म्हणजे दहा विती तीन दिवसांत जेमतेम. ताणा मागावर चढवून, खळ (कांजी) लावून, वाळवून तयार असल्याशिवाय झाडाखाली जायचंच नाही. नवे खेळाडू आधी सावली काढतात आणि मग विणकर शोधत फिरतात. चौथ्या दिवशी हातात रिकाम्या कांड्या.

झाडाचं पुढे काय होतं?

ते उभं राहतं, पण सावलीशिवाय. खाली गुरं बसत नाहीत, गवत करपतं, पाराखालची बैठक उठते. कापड उसवलं तर दुसऱ्या सकाळी सावली परत येते. जाळलं तर कधीच नाही. म्हणून सावट जाळणं हा आठपेठेत झाड तोडण्याएवढाच गुन्हा.

काठ करवतीच का लागतो?

सावली कडेने गळते. साधा काठ विणला तर महिन्याभरात कडेची दोन बोटं निव्वळ कोसा उरतो. करवती काठात सुती काठाचा बाणा आणि अंगाचा बाणा दात्यादात्याने एकमेकांत अडकतात, त्यामुळे गळायला सरळ रेषाच मिळत नाही.

हे भंडारा जिल्ह्यातल्या करवत काठी साडीवरून घेतलं आहे, तिला भौगोलिक मानांकनही आहे. अंग कोशाचं, काठ सुती, आणि तीन धोटे (बाण्याचा धागा इकडून तिकडे नेणारे): दोन काठांचे दोन, अंगाचा एक. काठाचा धोटा आणि अंगाचा धोटा जिथे भेटतात तिथे बाणे एकमेकांत गुंतवून परत फिरवावे लागतात. एखादा फेरा गुंतवायचा राहिला की तिथे चीर पडते. साडीत ती चीर रफू होते. सावटात तिच्यातून ऊन येतं, आणि ते नेमकं गालावर.

दाते किती मोठे? बोटभर पुरेत. त्याहून मोठे केले तर काठ जड होऊन शेला खांद्यावरून घसरतो.

विणताना नेहमी काय बिघडतं?

खळ. तांदळाची खळ जाड झाली तर वाळल्यावर ताणा कडक होतो आणि फणीत (बाणा ठोकून बसवणाऱ्या मागाच्या कंगव्यात) तुटतो. पातळ झाली तर धाग्यांचे केस उभे राहून एकमेकांना चिकटतात. बोटावर घेतली की थेंब ओघळावा पण बोट पांढरं राहावं, हे माप. दुसरं, ठोका. फणी जोरात मारली तर सावली दबून कापड नुसतं काळं दिसतं आणि गारवा जातो. तिसरं, दिवा. रात्री दिव्याजवळ विणलं तर विणकराचीच सावली बाण्यात मिसळते, आणि मग शेला पांघरणाऱ्याच्या मागे दुसरंच कुणीतरी चालल्यासारखं दिसतं.

मग माणसाची सावली मुद्दाम वापरता येते?

येते. आठपेठेत त्याला देशोधडीची शिक्षा आहे. माणूस एका कांडीतच संपतो, तेव्हा फायद्याचंही नाही.

शून्य सावलीच्या दिवशी काय होतं?

नागपुरात वर्षातून दोनदा दुपारी सूर्य बरोबर डोक्यावर येतो: २६ मेच्या आसपास आणि जुलैच्या मध्याला. मेमधली वेळ दुपारी बारा वाजून दहा मिनिटांच्या जवळपास. त्या क्षणी उभ्या काठीला सावली नसते, आणि सावटही निव्वळ कोसा होतं. साधारण अर्धी घटका. गुण परत येतो, पण प्रत्येक वेळी थोडा उणा. बारा उन्हाळे पाहिलेलं सावट शोभेचंच. जुलैचा दिवस बहुधा ढगांत जातो आणि ढगाखाली काही होत नाही, म्हणून मोजायचा तो मे.

तो दिवस नवतपात, म्हणजे मेअखेरच्या सगळ्यात कडक उन्हाच्या नऊ दिवसांत, पडतो हे आम्ही जुळवलेलं नाही, ते तसंच आहे. गारव्याची गरज सगळ्यात जास्त तेव्हाच कापड दगा देतं. हरकारे त्या दिवशी मुक्कामाला थांबतात. तुमच्या हेराला पकडायचं असेल तर याहून चांगली वेळ नाही बाप्पा.

चंद्राची सावली चालते का?

निघते. टिकत नाही, पहाटेपर्यंतच.

धुवायचं कसं, ठेवायचं कसं?

रिठ्याच्या कोमट पाण्यात, न पिळता. वाळवायचं सावलीतच, पण ज्या झाडाची सावली आहे त्या झाडाखाली नाही. ती परत जाते. घडी दर दोन महिन्यांनी वेगळ्या रेषेवर मोडा. एकाच रेषेवर राहिली तर कोसा घडीवर चिरतो. खऱ्या रेशमी साड्यांनाही हाच नियम लागू आहे, आणि लग्नातली साडी दहा वर्षांनी उघडणाऱ्या प्रत्येकीला तो उशिरा आठवतो.

नाटकासाठी खरोखरचं सावट कसं करावं?

धूपछाव कापड घ्या. ताणा एका रंगाचा आणि बाणा दुसऱ्या, साधी वीण. हललं की रंग बदलतो. ताणा मधाळ आणि बाणा काळा असा तागा नागपूरच्या गांधीबागेतल्या कापडबाजारात मिळतो का ते आधी विचारा. ४४ इंची पन्ह्याचं अडीच मीटर एका शेल्याला पुरतं. कोसा म्हणून देत असतील तर कडेचे दोन-तीन धागे काढून जाळून पहा: रेशमाला जळक्या केसांचा वास येतो आणि राख चिमटीत चुरते; पॉलिस्टरचा कडक मणी होतो. रंगमंचाला पॉलिस्टरही चालतं, पण कोशाचे पैसे देऊ नका.

स्वतः विणायचं असेल तर टेबलावरच्या छोट्या मागावर १२ इंची पट्टी करा. २/४० चं (४० नंबरचं दुपदरी) सुती सूत, इंचाला ४० धागे, म्हणजे ताण्यात ४८०. अडीच मीटर कापडासाठी ताणा सव्वातीन मीटर लावा, कारण सुरुवातीचा आणि शेवटचा भाग विणता येत नाही. ताण्याला सुमारे १,५६० मीटर सूत लागतं. बाणा इंचाला ३६ फेरे, सुमारे १,१९० मीटर. या सुताचा एक ग्रॅम साधारण ३४ मीटर भरतो, तेव्हा मधाळ ४६ ग्रॅम आणि काळं ३५ ग्रॅम; आणताना ६० आणि ५० आणा.

ठोका ३६च्या वर गेला की काळा जिंकतो आणि धूपछाव संपते. दर चार बोटांनी इंचपट्टी ठेवून फेरे मोजा. बाणा ताणून टाकला तर १२ इंचांचे दहा होतात आणि कडेचे धागे तुटू लागतात. बाणा कमानीसारखा तिरका टाकून मग फणी मारा. तरीही पाऊण-एक इंच आत येणारच, तेवढं धरून चाला.

शेवटचा घोळ प्रकाशाचा. समोरून सपाट उजेड टाकला तर धूपछाव कापड फिकट तपकिरी दिसतं. उजेड दोन्ही बाजूंनी, साधारण ४५ अंशांतून द्या आणि समोरचा दिवा निम्मा करा. पात्राला थांबू देऊ नका. सावट चालतानाच दिसतं. काठाला करवतीचे दाते विणायला वेळ नसेल तर लाल सुती पट्टी त्रिकोणी कापून आतून हाताने टाचा. मशीनची शिलाई लांबूनही चमकते.